अंबादास मुकादमाची हाळी

मामा, आमच्या घरच्या पोळीला युरियाचा वास यायचा. तुम्हाला ते माहीत होतं, कारण आईला झाडण उचलू देणारे तुम्हीच. गव्हाची मालगाडी रिकामी झाली की मालधक्क्याच्या फरशीवर जे सांडायचं ते आई खराट्यानं एकत्र करायची, चाळायची, पाखडायची, धुऊन पत्र्यावर वाळवायची. पण त्याच फरशीवर आदल्या गाडीची खताची पोती फुटलेली असायची. तो वास धुऊन जात नाही. आबा भिंतीला टेकून, उरलेला एक पाय पसरून बसायचे, पोळीचा तुकडा मोडायचे आणि म्हणायचे, "यंदा आपलं पीक लई जोमात येणार बघ." आई हसायची नाही. मला तेव्हा त्यातली गंमत कळायची नाही, आणि आता कळते तर हसू येत नाही.

शाळेत मी डबा उघडला की शेजारची पोरगी सरकून बसायची. नुसत्या वासानं नाही. तिच्या घरी तिला सांगून ठेवलेलं होतं, ही बिनहाळ्याची पोरगी.

ते नाव माझ्या बापाला, आबांना, तुमच्यामुळं पडलं. तुम्ही स्वतः तो शब्द कधी उच्चारला नाही, पण तो ज्या वाक्यातून जन्मला ते वाक्य तुमचं होतं.

तुम्ही गेल्याला थोडे दिवसच झालेत. धक्क्यासमोरच्या हॉटेलपाशी तुमचा फ्लेक्स लागलाय. फेटा बांधलेला फोटो, खाली 'कष्टकऱ्यांचा आधारवड हरपला', आणि त्याखाली शोकाकुल म्हणून गावातल्या अशा माणसांची नावं, ज्यांनी आयुष्यात एक पोतं उचललं नाही. तुमचा जन्म, तुमची कामं, तुमचा स्वभाव, सगळं त्यावर आहे. मी त्यावर नसलेलं लिहितेय. मेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये म्हणतात. मी तुमच्या तोंडावर जे बोलले त्याच्यापुढं एक शब्द जाणार नाही, त्यामुळं मला पाप लागायचं कारण नाही. आमच्या स्टेशनचं नाव तेवढं लिहीत नाही. येडशीच्या अलीकडं पलीकडं कुठंतरी आहे, एवढं पुरे. मला नोकरी करायची आहे.

आपलं गाव ज्यांना माहीत नाही त्यांना आधी धक्का सांगायला पाहिजे. मालगाडी आली की ती आमच्या धक्क्याला सगळीच्या सगळी लागत नाही, धक्का छोटा पडतो. मग गाडी मधोमध तोडायची. सांधेवाला रूळ फिरवून देतो, इंजिन अर्ध्या वाघिणी, म्हणजे मालाचे डबे, धक्क्याला लावतं, उरलेल्या अर्ध्या बाजूच्या रुळावर उभ्या राहतात. धक्क्यावरच्या रिकाम्या झाल्या की इंजिन त्या काढतं, दुसऱ्या आणून लावतं. ह्याला शंटिंग म्हणतात. नियमानं वाघीण हलवायची ती इंजिनानंच. पण तुमच्या काळात इंजिन कामं अर्धवट टाकून दुसऱ्या स्टेशनाला निघून जायचं, आणि मागं एखादी भरलेली वाघीण धक्क्यापासून लांब उभी राहायची. तिच्यासाठी इंजिनाची वाट कोण बघणार? ट्रकवाले बोंबलत असायचे. मग तुमची हमालांची टोळी ती हातानं ढकलायची.

आणि हातानं वाघीण ढकलणं म्हणजे तुमची हाळी.

आमच्याकडं रूळ येडशीच्या बाजूला उतरता आहे. उभ्या वाघिणीच्या चाकाखाली लाकडी पाचर असते. टोळी पहारी लावून, खांदे लावून उभी राहायची. पाचरवाला चाकापाशी खाली वाकलेला. त्याला वाघिणीपलीकडचं काही दिसत नाही, त्याला फक्त ऐकू येतं. तुम्ही लांब उभे राहून सगळ्यांचे हात जाग्यावर आहेत का ते बघायचात आणि मग हाळी द्यायचात. "बोला येडाईचाऽऽ". टोळी एका आवाजात म्हणायची, "उदो!" त्या 'उदो'वर पाचरवाल्यानं पाचर ओढायची. आधी नाही, नंतर नाही. मधे कुणी बोलायचं नाही, खोकायचं नाही. तुमची हाळी लई देखणी होती, मामा. मी लहान असताना आईबरोबर झाडण गोळा करताना ती ऐकली की माझ्या हातातला खराटा थांबायचा. येरमाळ्याला येडाईच्या यात्रेत पालखीपुढं जो आवाज लागतो तसला आवाज, आणि तो रोज, खताच्या धुळीत.

पाचरवाले माझे आबा होते. तुम्हीच बहिणीचा नवरा म्हणून त्यांना टोळीत घेतलं आणि पाचर हातात दिली. त्या कामाला भरवशाचा माणूस लागतो, असं तुम्ही आईला सांगितलं होतं म्हणे.

त्या दिवशी ठेकेदाराची जीप आली होती. आभाळ भरलेलं, सिमेंटची वाघीण लांब उभी, आणि ठेकेदार जीपमधून न उतरता तुमच्यावर ओरडत होता. टोळीतली निम्मी माणसं अजून नळापाशी पाणी पीत होती. तुम्ही ठेकेदाराकडं तोंड करून "व्हय मालक, व्हय मालक" करत होतात. आणि पाठमोरेच असताना, न बघता, तुमच्या तोंडून हाळी गेली. घाईनं गेली, सवयीनं गेली, मला त्याच्याशी कर्तव्य नाही. गेली. आणि टोळीनं काय केलं? देवीचं नाव कानावर पडलं की आपला माणूस बसल्या जागेवरून 'उदो' म्हणतो, तसे ते नळापासून, बिडी ओढता ओढता, तिथूनच म्हणाले, "उदो!"

आबा खाली वाकलेले होते. त्यांना 'उदो' ऐकू आलं. त्यांनी पाचर ओढली.

वाघिणीला धरायला जेवढे हात पाहिजे होते तेवढे नव्हते. ती उताराला लागली. आबांचा पाय तिच्या चाकाखाली गेला.

ते सोलापूरच्या दवाखान्यात पडलेले असताना इकडं चौकशीला साहेब आले. तुम्हाला विचारलं, हाळी कुणी दिली. सगळी टोळी दारात उभी होती, आईसुद्धा झाडणीची पाटी डोक्यावर घेऊन उभी होती. तुम्ही म्हणालात, "येडाईची आण साहेब, म्या हाळी दिली न्हाय. त्यानं आपल्या मनानं पाचर काढली."

साहेब बाहेरचे. त्यांना हाळी म्हणजे काय ते ठाऊक नाही. त्यांनी एवढंच विचारायला पाहिजे होतं की हाळी दिलीच नाही, तर टोळी 'उदो' कशाला म्हणाली. पण ते त्यांना सुचायचं कसं? आणि ज्यांना सुचलं होतं ते गप्प बसले, कारण प्रत्येकानं नळापाशी बसून 'उदो' म्हटलेलं होतं. तुमच्या एका खोट्यात सगळ्यांची चूक झाकली गेली. लिंबाजी, टोळीतला सगळ्यात जुना माणूस, आबांचा जोडीदार, तो म्हणे त्या वेळी जमिनीकडं बघत होता. चूक आबांची ठरली. पुढं जे जे झालं ते सगळं त्यातूनच आलं.

पाय गेल्याचं दुःख आमच्या घरात कुणी फार केलं नाही. पाय जातात, धक्क्यावर बोटं जातात, मणके जातात. पण पाचरवाल्याला हाळीबिगर पाचर काढणारा म्हणणं म्हणजे पुजाऱ्याला देवीचे दागिने चोरणारा म्हणण्यासारखं. कुठल्याही टोळीनं त्यांना नंतर साध्या बसायच्या कामालाही घेतलं नाही. पोती शिवायला नाही, राखणीला नाही. लोक समोर श्रीरंगराव म्हणायचे आणि वळले की बिनहाळ्या. आबांना ऐकू यायचं. त्यांचे कान चाकाखाली वाकून तयार झालेले होते.

आबा मात्र तुमच्याविरुद्ध एक अक्षर बोलले नाहीत, आणि ह्यासाठी मला आजही तुमच्याइतकाच त्यांचा राग येतो.

आईनं तिच्या परीनं शिक्षा केली. भाऊबीजेला तुम्ही दरवर्षी यायचात. आई पाट मांडायची, भोवती रांगोळी घालायची, ताट तयार करायची. तुम्ही पाटावर बसायचात. आई चहाचा कप तुमच्या हातात द्यायची आणि आत निघून जायची. ओवाळायची नाही. निरांजनात वात कोरडीच राहायची. तुम्ही चहा प्यायचात, पिशवीतून आणलेलं लुगडं पाटावर ठेवायचात आणि उठायचात. ते लुगडं आई शेजारणीला देऊन टाकायची. बायकांना हे माहीत होतं. पुरुषांना माहीत असून ते माहीत नसल्यासारखं करायचे.

आणि दुसरी एक गोष्ट सगळ्यांना माहीत होती. चैत्रातल्या पौर्णिमेला सगळी टोळी येरमाळ्याला यात्रेला जायची, तुम्ही जायचा नाहीत. धक्क्याची राखण कुणीतरी करायला पाहिजे, म्हणायचात. त्या दिवशी धक्क्यावर राखायला असतं काय? ज्या देवीची खोटी आण घेतली तिच्या पायऱ्या चढायची तुमची हिंमत नव्हती. टोळी गाडीत बसून 'उदो उदो' करत निघायची आणि तुम्ही रिकाम्या फरशीवर एकटे बसून राहायचात. मी लांबून बघायची. मला बरं वाटायचं.

आता जे लिहायला नको वाटतं ते लिहिते. मला कॉलेजात तुम्ही घातलं.

दहावीनंतर आई मला बरोबर झाडणीला नेणार होती. तुम्ही आमच्या दारात मोटारसायकल लावलीत आणि म्हणालात, संगे, बस मागं. धाराशिवला कॉलेजापाशी गाडी थांबवलीत. कॉलेजातल्या क्लार्कनं विचारलं, पालक कोण? तुम्ही म्हणालात, "लिहा, अंबादास." मी म्हणाले, "मला वडील आहेत. श्रीरंग लिहा." क्लार्क तुमच्या तोंडाकडं बघायला लागला. तुम्ही हसलात. बाहेर आल्यावर उसाचा रस पाजलात आणि म्हणालात, "जीभ लई धारदार हाय तुझी. शिक. दुसऱ्याच्या हाळीवर जगायची पाळी येऊ दिऊ नको."

मामा, ते वाक्य तुम्ही कुणाला देताय ह्याचा तुम्हाला अंदाज होता का? मला वाटतं होता. तेच मला समजत नाही. परीक्षेच्या वेळी तुम्ही धक्क्यावरची कामं टाकून मला सोडायला यायचात, बाहेर लिंबाच्या झाडाखाली बसून राहायचात, आणि पेपर कसा गेला ते न विचारता परत आणून सोडायचात. आमच्या घराण्यातली पहिली बी. ए. मी. पदवीचा कागद घेऊन आले तेव्हा आबांनी तो उलटा धरला होता, तरी बराच वेळ बघत होते. त्या कागदात तुमचा वाटा आहे. मी तो नाकारत नाही. पण त्यानं हिशेब मिटला असं जर तुम्हाला वाटलं असेल, तर तुम्ही मला नीट ओळखलं नाही. मी शिकले ते तुम्हाला माफ करायला नाही.

रेल्वेची परीक्षा मी पास झाले. ट्रेनिंग झालं, लांबच्या स्टेशनांवर नोकरी झाली, आणि मग विनंती करून करून मी आपल्या स्टेशनवर बदली मागून घेतली. स्टेशनमास्तर म्हणून. लोक म्हणाले, आईबापांसाठी आली पोरगी. आले त्यांच्यासाठीच, पण ते म्हणतात त्या अर्थानं नाही.

पहिल्या दिवशी टोळीतल्या एकानं मला विचारलं, "मास्तरीणबाई, शाळा कवा भरती म्हणायची?" सगळे हसले. मी म्हणाले, आत्ता भरली, पाटी काढा. आणि तुम्हाला आत बोलावलं. तुम्ही आलात, डोक्यावरची टोपी काढून उभे राहिलात. खुर्ची होती, मी बसा म्हटलं नाही. मी तुम्हाला सांगितलं की आजपासून ह्या स्टेशनात कुणी हातानं वाघीण हलवायची नाही. शंटिंग होईल ते इंजिनानं, माझ्या हुकमानं, सांधेवाला समोर असताना. इंजिन निघून जायच्या आत सगळ्या वाघिणी जिथं पाहिजेत तिथं लागलेल्या असतील. आणि उभ्या वाघिणीला ब्रेक, साखळी, पाचर तिन्ही लागतील, आणि मी स्वतः हात लावून बघीन.

तुम्ही म्हणालात, "अगं, इंजिनवाला थांबत न्हाय."

मी म्हणाले, थांबेल. आणि मी थांबवला. पहिल्यांदा ड्रायव्हर चिडले, कंट्रोलवरून बोलणी खाल्ली, ट्रकवाल्यांनी शिव्या दिल्या. पण गाडी यायच्या आधीच कुठली वाघीण कुठं लावायची ते मी ठरवून ठेवायला लागले, गाडी तोडायची ती योग्य जागी तोडायला लागले, आणि मग इंजिनाच्या एका फेरीत काम व्हायला लागलं. ह्यात जादू नाही. नीट विचार केला तर होतं. तुमच्या काळात विचार करायची गरजच नव्हती, कारण चुकलं तर माणसं होती ढकलायला.

सगळे म्हणाले, मास्तरीणबाईंनी सुरक्षा आणली. आणली. पण मामा, खरं तुम्हाला आणि मला ठाऊक होतं. मी तुमची हाळी काढून घेतली. पोती मोजायला कुणीही लागतो. तुमचा सगळा मान त्या एका आवाजात होता, आणि आता त्या आवाजाला कामच नव्हतं. इंजिन पुढं यायचं, सांधेवाला झेंडी दाखवायचा, आणि तुम्ही धक्क्याच्या टोकाला हात मागं बांधून उभे असायचात. पोरं तुम्हाला विचारेनाशी झाली. मी खिडकीतून बघायची. येरमाळ्याच्या यात्रेच्या दिवशी बघायची तशीच.

एकदा तुम्ही आलात. खोलीत दुसरं कुणी नव्हतं. आपण ज्या गोष्टीवर कधीच बोललो नव्हतो तिच्यावर तुम्ही बोललात. म्हणालात, मी खरं सांगितलं असतं तर ठेकेदारानं सगळी टोळी काढून लातूरकडची आणली असती. "तुझ्या बापाचा पाय तर गेलाच होता, संगे. टोळीच्या चुली तरी ऱ्हायल्या."

मी म्हणाले, "पाय गेला, तो गेला. त्यांचं नावही का काढून घेतलंत, मामा? पायावर भागलं नव्हतं का?"

मग मी म्हणाले की टोळीसमोर एकदा सांगा. फार नको, एवढंच की हाळी मी दिली होती. तुम्ही टोपी घातलीत आणि गेलात. आपलं भांडण तिथंच आहे, अजून. उत्तर तुमच्याकडं राहिलं.

मग सुरक्षा पंधरवडा आला. विभागातून एक तरुण साहेब येणार होते, हमालांना चार गोष्टी सांगायला. मी त्यांना सुचवलं की आमची टोळी जुनी आहे, हातानं वाघीण कशी हलवायचे ते त्यांनाच करून दाखवू द्या, मग त्यातला धोका समजावून सांगा. साहेबांना ते पटलं. एक रिकामी वाघीण बाजूच्या रुळावर उभी केली, मागून साखळीनं अशी आवळली की पाचर काढली तरी ती तसूभर हलू नये. हे सगळ्यांना सांगितलं. आबांनाही सांगितलं. कारण पाचरेवर मी आबांना बसवलं होतं.

हा कट होता. मी त्याला दुसरं नाव देत नाही.

आबा अंघोळ करून, धुतलेला सदरा घालून आले होते. इतक्या वर्षांत पहिल्यांदा धक्क्यावर. कुबडी बाजूला ठेवून ते चाकापाशी खाली बसले, पाचरेची दोरी हातात घेतली आणि मान खाली घातली. टोळी खांदे लावून उभी राहिली. तुम्ही तुमच्या जुन्या जागेवर. तुमच्या चेहऱ्याकडं मी एकदाच बघितलं. तुम्हाला डाव कळला होता, मग परत बघावं लागलं नाही.

तुम्ही हाळी देईनात. साहेबांना वाटलं, तयारी झाली. ते आबांना म्हणाले, काका, काढा पाचर. आबा हलले नाहीत. साहेबांना वाटलं म्हाताऱ्याला ऐकू आलं नसेल, ते जवळ जाऊन वाकून म्हणाले, काढा, काही होत नाही, साखळी आहे. आबा तसेच. दोरी हातात, मान खाली. साहेब चांगले होते, चिडले नाहीत. माझ्याकडं वळून म्हणाले, ह्यांना समजत नाहीय का?

तेव्हा लिंबाजी बोलला. खांदा वाघिणीलाच टेकलेला, तोंड कुणाकडंच नाही.

"साहेब, हाळीबिगर त्यो पाचर काढत न्हाय."

साहेब सहज म्हणाले, कधीच नाही?

"कवाच न्हाय," लिंबाजी म्हणाला. "एकदाबी न्हाय काढली."

साहेबांना त्यात काही विशेष वाटलं नाही. ते म्हणाले, व्वा, ही शिस्त. मग मुकादम, द्या की हाळी. आणि सगळी टोळी, मामा, तुमच्याकडं बघायला लागली. एकेकाचं तोंड वळत गेलं. तुम्ही तोंड उघडलंत. 'बोला' एवढं आलं. पुढं देवीचं नाव घ्यायचं होतं. ते आलं नाही. तुम्ही खांद्यावरच्या पंच्यानं तोंड पुसलंत आणि तसेच उभे राहिलात. वाघीण हलली नाही. पाचर निघाली नाही. शेवटी साहेबच म्हणाले, जाऊ द्या, कळलं सगळ्यांना, चहा घेऊ.

खरंच कळलं होतं सगळ्यांना.

लिंबाजीनं आबांना हात देऊन उठवलं. कुबडी त्यानंच दिली. आबांच्या धुतलेल्या सदऱ्याला मागून वंगण लागलं होतं, ते त्यानं हातानं झटकायचा प्रयत्न केला आणि आणखी पसरवलं.

मला वाटलं होतं की त्या दिवशी मला गार वाटेल. नाही वाटलं. तुमच्या तोंडून ऐकायचं होतं ते लिंबाजीच्या तोंडून ऐकलं. तुम्ही तेवढ्यातही सुटलात.

त्या वर्षीच्या भाऊबीजेला आईनं तुम्हाला ओवाळलं. मी घरात होते. तिनं वात तेलात भिजवली, निरांजन लावलं, तुमच्या कपाळाला कुंकू लावलं. तुमचे डोळे भरले. मी उठून बाहेर गेले. नंतर आईशी कडाकडा भांडले. ती म्हणाली, भाऊ खाली मान घालून बसलाय, त्याला किती दिवस अंधारात ठेवू? मी म्हणाले, त्यानं आपल्याला किती दिवस ठेवलं? ह्यावर आमचं अजून जमलेलं नाही. ती तुमच्यासाठी रडतेय. तिचा हक्क आहे.

तुमच्या शेवटच्या आजारात आबा एकटेच एसटीनं धाराशिवच्या दवाखान्यात तुम्हाला भेटून आले. संध्याकाळी घरी आल्यावर मी विचारलं, काय म्हणाले मामा? काही बोलले का? आबा म्हणाले, "कायी न्हाय. गाड्याच्या गप्पा हानल्या." मी परत परत विचारलं. कुठल्या गप्पा? काय काय म्हणाले? आबा म्हणाले, "सिमेंटची गाडी आता कशी लावत्यात ते इचारत हुता. म्या सांगितलं, आमची पोरगी लावती." बस. एवढ्यावर त्यांचं भागलं. एका पायाचा माणूस बस बदलून गेला आणि गाड्यांच्या गप्पा मारून आला. तुम्ही माफी मागितली का नाही, हे मला आता कधीच कळणार नाही. आबा सांगणार नाहीत. तुम्ही दोघांनी मिळून मला त्यातून बाहेर काढलंत, ह्याचाही राग आहे.

मामा, तुमची हाळी मला आठवते. ती मी बंद केली, आणि परत संधी आली तर परत बंद करीन. पण खराटा हातात धरून मी ती ऐकायची तेव्हा मला माहीत नव्हतं की ह्या आवाजाचा कधी राग धरायचा आहे. ते तसलं ऐकणं थोडं मला परत पाहिजे होतं. त्याला उपाय नाही. तुम्ही बोलला असतात तर कदाचित असता.

तुमच्या मौतीला सगळी टोळी आली. मी ड्यूटी दुसऱ्याला देऊन आले होते. मी रडले नाही, तुमच्या पायाला हात लावला नाही, लांब उभी राहिले. तिरडी अंगणात तयार होती. टोळीतल्या माणसांनी चारी बाजूंनी वाकून बांबू धरले. आणि उचलेनात. भाऊबंद म्हणाले, चला, उशीर होतोय. तरी कुणी उचलेना. हात जाग्यावर, खांदे तयार, माना खाली, आणि सगळे थांबलेले. बाहेरच्या लोकांना कळेना काय चाललंय. मला कळलं. आयुष्यभर ती माणसं हाळीवर उचलत आली होती, आणि हाळी देणारा आज त्यांच्याच हातात होता.

लिंबाजीनं मान वर केली. इकडं तिकडं बघितलं. मग तो आबांकडं बघून म्हणाला, "श्रीरंगा, दे की."

आबा कुबडीवर सरळ झाले. सगळ्यांचे हात जाग्यावर आहेत का ते त्यांनी एकदा फिरून बघितलं. तुम्ही त्या दिवशी बघायचं होतं तसं बघितलं. मग म्हणाले, "उचला रं."

टोळीनं तुम्हाला उचललं.

आमच्या धक्क्यावर आता कुणी हातानं वाघीण ढकलत नाही. आई झाडण गोळा करत नाही. आबांना आता समोर आणि पाठीमागं एकाच नावानं हाक मारतात, श्रीरंग. ते नाव तुम्ही परत दिलं नाहीत, मामा. मी घेतलं.